वाटीतला लिंबूरस

शाळेत मॅडमनी शिकवलेलं सॅलड ड्रेसिंग प्रांजलीनं आज घरी केलं. दोन लिंबं, नांदुऱ्याच्या बाजारातलं संत्रं, चमचाभर तेल, मीठ, जिरेपूड. वाटीत घुसळून असं झकास जमलं की तिनं स्वतःलाच शाबासकी दिली! काकडी-टमाटे चिरून झाले. आता बाबांनी घास घेऊन 'वा!' म्हणायचं, एवढंच बाकी. तेवढ्यात बाबा बीटी कपाशीवर औषध फवारून आले, ओसरीत टेकले अन् समोरची वाटी सरळ हातांवर ओतून कोपरापर्यंत चोळू लागले. "बाबा, ते तर…" त्यांचे डोळे भरून आले होते. "तुही माय असंच लिंबू ठेवे हाताचा वास घालवायले. ती गेली अन् वर्षभर औषधाच्या वासातच भाकर खाऊन राह्यलो. तुले कसं समजलं वो बाई?" प्रांजलीनं रिकामी वाटी उचलली. "मायनंच सांगतलं होतं," ती म्हणाली आणि तिनं सॅलड कोरडंच वाढलं.