आधी कुळं सांग

"अठ्ठावीस वर्षं!" टायरेल बिट्सिली म्हणाला. "अठ्ठावीस वर्षं हा माणूस आपला सिनेटर म्हणून राज्याच्या राजधानीला, सांता फेला जातोय, आणि माझी आजी अजून पिकअपमधून पिंपं भरून पाणी आणतेय. साहेब, कुठं मुरलं सगळं? तुमच्या गळ्यातल्या त्या पिरोजाच्या खड्यात?"

अमेरिकेतल्या आदिवासींच्या राखीव मुलखातल्या त्या गावाच्या सभागृहात, चॅप्टर हाऊसमध्ये, कुणी हसलं नाही. मागच्या चुलीवर मटणाचा रस्सा तेवढा रटरटत होता. ठराव साधा होता. येत्या निवडणुकीत गावानं वॉलेस एत्सिटीच्या पाठीशी राहायचं नाही, टायरेलच्या राहायचं. या गावानं पाठ फिरवली की आजूबाजूची गावंही फिरवणार, हे वॉलेसला पक्कं ठाऊक होतं. मग उरलं काय? मेंढ्या, आणि दुखरा गुडघा.

शेजारी चेस्टर बसला होता, व्हिएतनामच्या लढाईपासूनचा सोबती. त्यानं कोपरानं ढोसलं. "ऊठ. सांगून टाक."

सांगायचं ते या दोघांनाच माहीत होतं. भिंतीवरच्या प्रचाराच्या फलकावर टायरेल लष्करी गणवेशात उभा होता आणि खाली लिहिलं होतं, 'तुमच्यासाठी लढलेला'. लढतोय कुठला! बरोबरच्या रंगरुटाच्या सामानात हात घालताना सापडला म्हणून प्रशिक्षणातूनच हाकलला होता त्याला. आणि इथं तर सैन्यातून आलेल्या पोराला म्हाताऱ्या बाया जेवणाच्या रांगेत पुढे घालतात. एक वाक्य बोललं की हा पोरगा या दारात पुन्हा दिसणार नव्हता.

वॉलेस उठला. बोट न दाखवता, इथल्या रीतीनं ओठ पुढे काढून त्यानं नुसतं फलकाकडे दाखवलं. टायरेलनं तिकडे पाहिलं, मग म्हाताऱ्याकडे, आणि तोंडातलं वाक्य तोंडातच ठेवलं. त्याला कळलं होतं.

इथंच बोलून मोकळं व्हायचं. पण इतक्या वर्षांच्या राजकारणानं वॉलेसला एक वाईट खोड लावली होती. समोरचा पडायला आला की आधी त्याची जरा गंमत करायची.

"पोरा," तो म्हणाला, "एवढं बोललास, पण तू कुणाचा ते नाही सांगितलंस. आपल्यात बोलायला उभं राहिलं की आधी कुळं सांगतात. अल्बुकर्क शहरात विसरून आलास काय?"

आता बाया हसल्या. जे शेंबड्या पोरालाही येतं ते रागाच्या भरात टायरेलकडून राहून गेलं होतं. त्याची मान लाल झाली.

"सांगतो की." शाळेत पाठांतर म्हणावं तसा तो अडखळत म्हणाला, "आईकडून मी होनाघाहनी. भोवताली चालणाऱ्यांच्या कुळातला..."

पुढची कुळं वॉलेसच्या कानात शिरलीच नाहीत. होनाघाहनी त्याच्या बापाचं कूळ. रीतीप्रमाणे त्या कुळातला कुठलाही पुरुष त्याचा बाप. पाळण्यातला असला तरी बापच.

"अगं बाई!" कुणीतरी म्हणालं. "म्हाताऱ्याला बाप सापडला!"

हसण्याची एक लाट आली आणि मध्येच विरली. वॉलेस अजून उभाच होता.

"बोल," चेस्टर कुजबुजला. "बाप राहू दे बाजूला. उद्या तुझ्या खुर्चीत बसेल तो."

"बापाला चारचौघांत चोर म्हणू?"

"मग कुळं विचारायला तुला कुणी सांगितलं होतं रे, गाढवा?"

वॉलेसनं डोक्यावरची मरीन सैनिकांची लाल टोपी काढून हातात घेतली.

"माझे वडील म्हणतात ते खरं आहे," तो म्हणाला. आवाज साधाच होता. "पाणी आलेलं नाही. कागदावर मंजूर झालं, नळाला आलं नाही. मी कमी पडलो." फलकाकडे त्यानं पुन्हा पाहिलं नाही.

टायरेलनं ज्या उत्तराची धास्ती घेतली होती ते हे नव्हतं. तो धपकन खुर्चीत बसला.

"ठरावाच्या बाजूनं कोण?" सभेच्या अध्यक्ष लोरेनबाईंनी विचारलं. "हात वर करा."

एकही हात वर गेला नाही. ज्यानं ठराव आणला त्याच्याकडे सगळे बघत होते. टायरेलचा हात मांडीवरून उठला आणि खांद्याशी येऊन अडकला. वॉलेस खाली बघत होता, बापापुढे बघावं तसा.

पुढच्या रांगेतली मखमली पोलक्यातली म्हातारी टायरेलकडे वळली.

"काय ते ठरव रे बाबा," ती म्हणाली. "तुझं पोरगं केव्हाचं उभं आहे. बस म्हण त्याला, नाहीतर घरी जा म्हण."