अर्धा श्वास

बोट पाण्यात उतरवताना हेमांगीने दुखरी बरगडी कोपराने दाबून धरली. तासाभरात अंतिम शर्यत होती. पहिल्या दोन बोटींना ऑलिम्पिकचं तिकीट मिळणार होतं.

"ताई, तू श्वास अर्धाच घेतेस," जोडीदार नौशीन हळूच म्हणाली. "आठ दिवस तुझ्या मागे बसून वल्हवतेय मी. बरगडी ना?"

हेमांगीने बरगडीवरचं कोपर झटकन काढलं. बारा वर्षं देशासाठी वल्हवून चौतिसाव्या वर्षी सोडलेली जागा पुन्हा मिळणार नव्हती. "सरांना सांगणार?"

"नाही. तूच सांग. मध्येच थांबलीस, तर दोघींचं संपेल."

हेमांगी प्रशिक्षक सरांकडे गेली आणि तिने बरगडीचं सांगितलं.

तिच्या जागी राखीव मुलगी बसली. बोट दुसरी आली. काठावर हेमांगीने दोन्ही हात उंचावले, आणि आठ दिवस दाबून ठेवलेली किंकाळी सगळ्यांदेखत बाहेर पडली.