खिशातलं थी

"हे कोणी आणलं?" रंगपटात पाऊल टाकताच लुआन ओरडला.

आरशापुढच्या मेजावर थीचं फळ होतं. पिवळंधमक, मुठीएवढं, आणि सगळी खोली त्याच्या वासानं घमघमत होती. मीथो शहराच्या बाजारात या दिवसांत थीचे ढीग लागतात, पण नाटकवाले ते घरातसुद्धा आणत नाहीत. रंगपटात तर शांतं पापं! रंगभूमीच्या आद्यगुरूंना या वासाचं भारी वेड. वास आला की ते देव्हाऱ्यातून उठून फळामागे निघालेच. मग स्टेजवरच्या नटाला सांभाळणार कोण?

"मी आणलं," त्रुक म्हणाली. पोरगी टीव्हीवरची, नाटकात नवीन. "वास छान येतो म्हणून. का हो, काय झालं?"

"काय झालं म्हणे!" लुआननं कपाळावर हात मारून घेतला. कंपनी त्याची, जीव त्याचाच वरखाली होणार. मग तो काजळ घालत बसलेल्या थ्वामावशीकडे वळला आणि एकदम मऊ आवाजात म्हणाला, "मावशी, अपशकुन झाला. आज राहू दे तुमचं. सासूचं काम त्रुकला पाठ आहे, कपडेही घालून बसलीय. तुम्ही पुढच्या रविवारी करा."

थ्वामावशीचा हात थांबला. अर्धांगाचा झटका येऊन गेल्यापासून तिच्या तोंडाची डावी बाजू उतरली होती, आणि आजारानंतरचा हा पहिलाच प्रयोग होता. पुढचा रविवार म्हणजे काय, हे तिला पक्कं ठाऊक होतं. टीव्हीवाल्यांनीही असंच गोड बोलून विश्रांती घ्यायला सांगितलं होतं, आणि मालिकेत तिचं पात्र मारून, फोटोपुढे उदबत्ती लावून मोकळे झाले होते.

"खरं सांग लुआन. फळामुळे नको म्हणतोस, की या तोंडामुळे?"

लुआननं मान खाली घातली. "लोक हसायला येतात, मावशी. तुम्हाला बघून त्यांना वाईट वाटलं तर? हसू गेलं की नाटक गेलं."

"ते त्यांचं त्यांना ठरवू दे ना! तू कशाला आधीच ठरवतोस?"

ती उठली. देव्हाऱ्यापुढे उदबत्ती लावून तिनं हात जोडले. मग मेजावरचं थी उचललं आणि सरळ आपल्या सदऱ्याच्या खिशात कोंबलं.

"मावशी! अहो, हे काय करताय?"

"गुरू या वासामागे जातात ना? मग येऊ देत माझ्यामागे. आज मला त्यांची गरज आहे."

लुआन अडवायच्या आत ती स्टेजवर गेलीसुद्धा.

सासू बाजारातून घरी येते आणि सुनेवर तोंड टाकते, असा प्रवेश. पूर्वी ती नुसती दारात उभी राहिली तरी थिएटर खदखदायचं. आज टाळ्या वाजल्या खऱ्या, पण दिव्यात तिचं तोंड दिसलं आणि त्या मधेच विरल्या. ती पहिलं वाक्य बोलली. शब्द ओघळल्यासारखे बाहेर आले. कोणीच हसलं नाही. पुढच्या रांगेतली एक बाई हळहळून म्हणाली, "बिचारी!"

ते विंगेपर्यंत ऐकू गेलं. लुआननं डोळे मिटून घेतले.

थ्वामावशी थांबली. संवाद सोडून स्टेजच्या अगदी कडेला आली, कमरेवर हात ठेवले आणि त्या बाईकडे रोखून पाहिलं.

"कोण गं बिचारी? मी?" तिनं अंगठ्यानं मागे उभ्या सुनेकडे दाखवलं. "बिचारी ती! तिला वाटलं होतं, सासूचं तोंड निम्मं गेलं, आता निम्मंच ऐकावं लागेल!"

मग ती पुढच्या रांगेतली बाईच आधी फिस्सकन हसली, आणि पाठोपाठ सगळं थिएटर हशानं दणाणलं. थ्वामावशीनं मुळीच घाई केली नाही. हसू पुरतं ओसरू दिलं आणि मगच सुनेकडे वळली.

विंगेत त्रुक हसूनहसून खाली बसली होती.

"अगं, कपडे चुरगळतील ना!" लुआन दबक्या आवाजात खेकसला.

"चुरगळू देत," डोळे पुसत त्रुक म्हणाली, "मला कुठे लागणारेत आता!"