पेडगावची कॅसेट

"कॅसेटीत माझी आई कुठाय?" रुद्राणीनं तिसऱ्यांदा इचारलं.

"अगं, बघ तर आधी," साक्षी म्हणली. साक्षी परभणीच्या कॉलेजातली. बल्गेरियाच्या डायरेक्टरचं बोलणं मराठीत सांगायला त्याच्यासंगं आलेली.

स्तोयान त्याचं नाव. सारी जिंदगी पिच्चर काढण्यात गेली, देशोदेशी बक्षिसं घेतली. बावीस वर्सांमागं पेडगावात आला, तवा म्हैनाभर रुद्राणीच्या घरी जेवला. आता गिलास धरला तरी हात लटलट कापतेत. पन तवाची कॅसेट घेऊन परत आला, अन् भर दुपारी मठाची दारं लावून भिंतीवर दाखवायला बसला.

त्याच साली रुद्राणीची आई गंगम्मा गेली. मागं राह्यलं ते मतदान कार्ड. त्याच्यावरचा फोटो म्हंजे निस्ता काळा डाग. रुद्राणीला आज आईचं तोंड बघायचं होतं. बास, तेवढंच.

भिंतीवर आधी म्हशी आल्या. चित्र सारखं हालायचं.

"तवाबी हात कापतच होते का ह्याचे?" रुद्राणी फणकारली.

मग सवता स्तोयान आला. काळ्या केसांचा, मांडी घालून भाकर कुस्करायलेला. ठेच्यानं ठसका लागला, डोळ्यातून पाणी. मठात जमलेले लोक खदखदून हसले.

मग रुद्राणीचे वडील, दादा. समोर बघून असे लाजले, की रुमालच तोंडाला लावला. दादाला जाऊन चार वर्सं झाली. त्यांना असं लाजताना तिनं कवाच बघितलं न्हवतं.

"आगं बया, अण्णाराव लाजायलाय!" मागून बायनाबाई वरडली.

मग एक उघडी पोरगी दुडुदुडु पळत सुटली. रुद्राणीच ती. चार पावलं गेली अन् तोंडावर आपटली.

चित्र आडवं झालं. माती. गवताचं एक पातं. लांबून रडणं. मग रडणंबी थांबलं, तरी मातीच.

रुद्राणी उठली अन् मशीनची वायर उपटली.

"म्हशी हायेत, दादा हायेत, तुमी हाय, मातीबी हाय! ज्या बाईनं म्हैनाभर भाकरी थापून घातल्या, तिच्यावर एकडाव कॅमेरा धरला न्हाई तुमी? एकडाव?"

साक्षीनं हळूच त्याला सांगितलं. म्हाताऱ्यानं चष्मा काढला, लय वेळ पुसला. मग दोन-चार शब्द बोलला.

साक्षी रुद्राणीकडं बघाय लागली.

"सांग की! काय म्हणायलाय?"

"म्हणायलेत," साक्षी सांगाय लागली, "त्या दिवशी तू पडलीस, तवा गंगम्मानं हातातला कॅमेरा तसाच मातीत टाकला अन् तुझ्याकडं पळाली."