पंख लावलेला घोडा

पाय मोडला म्हणून मालकाने घोड्याला गोळी घातली, त्याला दोन वर्षं होत आली. तेव्हापासून त्याची निगा राखणाऱ्या मोतद्दाराने घोड्याचं नाव काढलं नव्हतं. आज लेकीने संगणकासमोर बसवलं, तर पडद्यावर तोच! शेवटच्या सकाळी तिनेच काढून घोडाप्रेमींच्या एका साइटवर टाकलेला फोटो. कुणा परक्या मुलीने त्याला पंख लावले होते, मागे लुकलुकत्या चांदण्या. आणि कुठकुठल्या घोडावेड्या पोरी तो आपापल्या नावाशेजारी मिरवत होत्या.

“बाबा, रागावू नका. पंख काढायला सांगते तिला.”

त्याने पडद्यावर खाली हलकेच बोट टेकवलं, दुखऱ्या जागी टेकवावं तसं.

“पंख राहू देत गं. तिनं पायाची पट्टी पुसून टाकलीय, बघ. चारी पायांवर उभा आहे.”