गोलघुमटातली कुजबुज

विजापूरच्या गोलघुमटाच्या सज्जात सोलापूरच्या प्रमिला हिंगमिरे एकट्याच होत्या. खाजगी सहलीचा चष्मा इतर माणसं दिसू देत नव्हता, कानातलं यंत्र त्यांचे आवाज गाळत होतं.

"ताई, भिंतीशी कुजबुजा. पलीकडे ऐकू जातं," चष्म्यातला गाईड म्हणाला.

"पलीकडे आहे कोण?"

"कुणी नाही. गर्दी नकोच होती ना तुम्हाला?"

प्रमिलाबाईंनी चष्मा आणि यंत्र दोन्ही काढलं. सज्जा माणसांनी भरलेला होता आणि चष्मे लावून प्रत्येकजण एकटाच मालकासारखा मिरवत होता. समोरचे एक गृहस्थ भिंतीशी वाकले.

"कुणी आहे का?" भिंतीतून स्पष्ट ऐकू आलं.

"आहे की. मी सोलापूरची. तुम्ही कुठले?"

गृहस्थांनी यंत्र घातलेला कान बराच वेळ भिंतीला लावला. मग "कुणी नाही हो," असं आपल्या गाईडला सांगून ते जिना उतरले.