बुटासकट

“परत तोच सीन, दोरगारू! मिशीला पीळ द्या!” वाडीतला सांबय्या भोंग्यातून ओरडला. आठवडाभर तो सिनेमावाल्यांच्या मागे-मागे हिंडत होता. आता भोंगाही त्याच्याच हातात होता.

गावचे जमीनदार नरसिंगराव, म्हणजे सगळ्यांचे ‘दोरगारू’, आपल्या व्हरांड्यातल्या खुर्चीत सावरून बसले. सिनेमातल्या जमीनदाराची भूमिका त्यांनी हट्टाने स्वतःकडे घेतली होती. मोतीबिंदूमुळे समोर नुसती हालचाल दिसायची, पण ते कबूल कोण करणार?

“अजून किती वेळा रे?”

“नवरीच्या लंगड्या बापाला चालणं जमेना, दोरगारू.”

“जमेल कसं? जन्मभर इथून सरपटत गेलाय तो ओदेलू!”

ते खरंच होतं. वाडीतल्या माणसांनी दोरगारूंच्या या फाटकासमोरून चपला हातात घेऊन जायची रीत. ओदेलूचा बूट पोलिओच्या पायाला बांधलेल्या लोखंडी पट्ट्यांना जोडलेला. बूट काढला की पायच गेला. मग तो तळहातांवर सरपटत फाटक ओलांडायचा. लेक स्वरूपा लहानपणापासून हे बघत आली होती. तिच्या डोळ्यांदेखत एकदा तरी इथून उभ्याने जावं, एवढीच त्याची इच्छा उरली होती.

“सिनेमापुरता बूट घाल,” दोरगारू म्हणाले होते, “एरवी दुसराही पाय मोडीन.”

डफ वाजू लागले. नवरीच्या वेशात आज स्वरूपाच होती. तिच्या शेजारून ओदेलू निघाला. पट्ट्या करकरत होत्या, मांडी ठणकत होती. फाटकाशी येताच सवयीने त्याचे हात जमिनीकडे गेले.

“नाना,” स्वरूपा हळूच म्हणाली, “चला ना.”

तो ताठ झाला आणि बुटासकट पुढे गेला. त्याच्यामागून सगळी वाडी गेली, चपला पायात घालून.

“पोरगी काय झकास रडतेय रे!” दोरगारू खूश झाले. “पण आज यंत्राची घरघर कशी नाही?”

“जनरेटर लांब ठेवलाय. कट म्हणेपर्यंत हलू नका.”

वरात वळणापाशी पोचली. स्वरूपा ट्रॅक्टरवर नवऱ्याशेजारी बसली आणि ट्रॅक्टर सुटला. ओदेलू फार दमला होता. तरी बसला नाही, धूळ खाली बसेपर्यंत उभाच राहिला.

इकडे व्हरांड्यात दोरगारू मिशीला पीळ देत बसूनच होते.

“अरे सांबय्या, कट म्हण की आता!”

सिनेमावाले आदल्या दिवशीच सामान बांधून हैदराबादला गेले होते.